नाणेघाटाची वाट आणि घाटघरचा तांब्या

साकीनाक्याला राहणाऱ्या माणसाला डोंगर नवा नाही. आमची निम्मी वस्ती डोंगरावरच आहे. खाली अंधेरी-कुर्ला रस्त्यावरची वाहने, डोक्यावरून विमानतळाकडे उतरणारी विमाने आणि मध्ये चढावर एकमेकांना चिकटून उभी असलेली घरे. या चढावरून पाण्याचे हंडे वाहण्यात आमच्या आयाबहिणींची उमर गेली. म्हणून नाणेघाट चढून जुन्नरला जायचा बेत आम्ही विहारात मांडला, तेव्हा एक ज्येष्ठ उपासिका हसून म्हणाल्या, "अहो भाऊ, मग आम्ही रोज चढतो तो कोणता घाट?"

खरे तर मुलांचा बेत हिमालयाचा होता. कॉलेजात जाणाऱ्या दोघातिघांनी मोबाईलवर लडाखची छायाचित्रे पाहिली होती. हेमिस राष्ट्रीय उद्यानाच्या परिसरातील रुंबाकसारख्या गावांत २००२ च्या सुमारापासून पाहुण्यांना गावकऱ्यांच्या घरातच उतरवून घेण्याची पद्धत सुरू झाली. हिमबिबट्या शेळ्यामेंढ्या मारतो, म्हणून गावकरी त्याच्यावर चिडून असत. त्याच डोंगरात फिरायला येणारा पाहुणा गावकऱ्याच्या घरी राहिला तर घरात चार पैसे येतील आणि बिबट्यावरचा रागही निवळेल, असा त्यामागचा साधा विचार. पाहुण्याने घरच्या मंडळींबरोबर स्वयंपाकघरात बसायचे, ते खातील तेच खायचे आणि सकाळी पुढच्या गावाची वाट धरायची. मुलांना हे फार आवडले. आम्हालाही आवडले.

पण आम्ही पडलो कारकून. आधी हिशेब मांडला. लेह शहरच समुद्रसपाटीपासून साडेतीन हजार मीटर उंचीवर. गेल्या गेल्या एकदोन दिवस नुसती विश्रांती घ्यावी लागते, नाहीतर विरळ हवेचा त्रास होतो. म्हणजे जाणे-येणे धरून दहाबारा दिवसांची रजा. बारा माणसांचे भाडे, गरम कपडे, मुलांच्या परीक्षा. हिशेब काही केल्या जुळेना. तेव्हा आम्ही म्हटले, हिमालय कुठे पळून जात नाही. आधी आपल्या सह्याद्रीतली जुनी वाट चालू. वाट पायाखालची, गावे आडबाजूची आणि मुक्काम गावातल्या घरात. २०२४ साली २६ जानेवारीला शुक्रवार आला होता. शुक्रवार, शनिवार, रविवार असे तीन दिवस मिळाले आणि रजेचा अर्जही वाचला.

घरापासून सुरू होणारी वाट

ही वाट घरापासूनच सुरू होते, हे आपल्यापैकी पुष्कळांच्या ध्यानात येत नाही. साकीनाक्यापासून जवळच, अंधेरी पूर्वेला महाकाली लेणी म्हणून ओळखली जाणारी कोंडिविट्याची बौद्ध लेणी आहेत. एकूण १९ लेणी. तिथल्या चैत्यगृहात आतल्या टोकाला दगडातच कोरलेली एक गोल झोपडी आहे आणि झोपडीत स्तूप आहे. बोरिवलीच्या डोंगरात कान्हेरीची शंभराहून अधिक लेणी आहेत. सोपारा आणि कल्याण ही तेव्हाची नांदती बंदरे. जहाजांतून उतरलेला माल कल्याणहून नाणेघाट चढून जुन्नरला आणि तेथून पुढे पैठणकडे जाई. या वाटांच्या कडेने भिक्खूंची लेणी, पाण्याची टाकी आणि बसायचे ओटे कोरले गेले. म्हणजे साकीनाक्याचा माणूस या दोन हजार वर्षांच्या रस्त्याच्या तोंडाशीच राहतो. फक्त त्याने आजवर पाठ फिरवलेली आहे.

मुक्काम कुठे करायचा?

रस्ता ठरला, तरी एक प्रश्न उरला. तो इतर सहल मंडळांना पडत नाही, आम्हाला पडतो. अनोळखी गावात कोणाच्या घरी उतरायचे? आणि त्यांनी विचारले तर काय सांगायचे?

वाचकहो, हा प्रश्न आजचा नाही. १९३४ साली चळवळीतल्या सुमारे तीस सहकाऱ्यांसह परमपूज्य बाबासाहेब वेरूळची लेणी पाहायला निघाले होते. अस्पृश्य प्रवाशांना आडगावी होणारा त्रास टाळावा, म्हणून वाटेत त्यांनी आपली ओळख कोठे सांगितली नव्हती. तरीही दौलताबादच्या किल्ल्यापाशी प्रवासाची धूळ टाक्याच्या पाण्याने धुतली, तेव्हा टाके बाटवले म्हणून गहजब झाला. त्या आधी १९१७ साली बडोद्यात नोकरीवर रुजू झालेल्या बाबासाहेबांना राहायला जागा मिळाली नव्हती आणि पारशी नाव सांगून एका पारशी उतारूगृहात राहावे लागले होते. परदेशात शिकून आलेल्या माणसाची ही अवस्था, मग आपल्या आजोबा-पणजोबांची काय असेल? आपल्या लोकांनी डोंगर, किल्ले, लेणी हौसेने का पाहिली नाहीत याचे उत्तर पायांत नव्हते. ते पाण्यात आणि मुक्कामात होते.

आमच्या वडिलांनी आम्हाला एक गोष्ट पढवून ठेवली होती. "परगावात आडनाव विचारले तर जिल्हा सांग. जिल्हा विचारला तर नोकरी सांग." आम्ही तरुणपणी तसेच करत असू. वीसेक वर्षांपूर्वी एका घाटाखालच्या गावी (गावाचे नाव सांगत नाही) आम्ही तिघे मित्र उतरलो होतो. चहा झाला, गप्पा झाल्या. बोलण्याच्या ओघात आमच्यातला एकजण "जयभीम" म्हणून गेला. त्यानंतर जेवण मिळाले, पण पत्रावळीवर आणि अंगणात. सकाळी चहाचे पेले आम्हीच धुऊन पालथे घालावेत, असे सुचवण्यात आले. कोणी रागावले नाही, शिवी दिली नाही. तरी त्या पेल्यांचा आवाज आमच्या कानात अजून आहे.

या वेळी आम्ही निघण्यापूर्वी विहारात सगळ्यांसमक्ष ठरवले, की कोणी विचारले तर खरे सांगायचे. न विचारता सांगत सुटायचे नाही आणि विचारल्यावर लपवायचे नाही. मुलेही हजर होती. त्यांना तर या चर्चेचेच नवल वाटले.

घाटाची चढण

पहाटे साकीनाक्याहून मेट्रोने घाटकोपर, तेथून लोकलने कल्याण आणि कल्याणहून माळशेजमार्गे जाणारी एसटी. मुरबाड, टोकावडे मागे टाकून वैशाखरेच्या पुढे नाणेघाटाच्या पाटीपाशी उतरलो. आम्ही बाराजण. पाच बायका, चार पुरुष, तीन मुले. सर्वांत मोठ्या उपासिका एकसष्ट वर्षांच्या. घाटाची चेष्टा करणाऱ्या त्याच.

पहिला तासभर रानातून सावलीची वाट आहे. मग चढ अंगावर येतो. डाव्या हाताला नानाचा अंगठा म्हणतात तो उंच कडा दिसत राहतो. शेवटच्या टप्प्यात दगडात खोदलेल्या पायऱ्या लागतात. दोन हजार वर्षांच्या पावलांनी त्या झिजल्या आहेत. आम्ही कारखाना, कचेरी आणि बैठकांतली माणसे. दर वीस पावलांवर थांबत होतो. एकसष्ट वर्षांच्या उपासिका मात्र पुढे. हंडा डोक्यावर नसल्याने चालायला हलके वाटते, असे म्हणाल्या. तीन तासांच्या चढाला आम्हाला साडेतीन लागले.

घाटमाथ्याच्या अलीकडे ते प्रसिद्ध लेणे आहे. आत तीन बाजूंनी दगडी ओटे आणि भिंतींवर ब्राह्मी लिपीत मोठा शिलालेख. सातवाहन राणी नागनिकेचा हा लेख साधारणपणे इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातला मानला जातो. १८२८ साली सायक्स या इंग्रज अधिकाऱ्याने त्याची नोंद केली आणि पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी त्याचा अभ्यास केला. मागच्या भिंतीवर राजघराण्यातील व्यक्तींचे पुतळे कोरलेले होते. आज त्यांची पावले तेवढी उरली आहेत. वर नावे मात्र वाचता येतात.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगावी. हा लेख बौद्ध नाही. त्यात वैदिक यज्ञांची आणि यज्ञात दिलेल्या दक्षिणेची यादी आहे. गायी, घोडे, नाणी. आपली म्हणून जी वाट आपण चालतो, तीवर दुसऱ्याचेही लेख असतात. ते जसे आहेत तसे वाचावेत. आम्ही बी. कॉम. झालेले असल्याने आमचे लक्ष आकड्यांकडे गेले. दक्षिणेचा हिशेब दगडावर आकड्यांत मांडलेला आहे आणि भारतात सापडलेल्या सर्वांत जुन्या आकड्यांत त्याची गणना होते. त्यातले काही आकडे आपल्या आजच्या आकड्यांच्या पूर्वजांसारखे दिसतात. शून्य मात्र नाही. दहाला, शंभराला, हजाराला निरनिराळी चिन्हे. आमच्या कचेरीतली जुनी खातेवही इथे कोणीतरी दगडावर उतरवली आहे असे क्षणभर वाटले.

लेण्याजवळ पाण्याची खोदीव टाकी आहेत. माथ्यावर एक मोठा दगडी रांजण आहे. त्यात जकातीची नाणी टाकत असत असे परंपरेने सांगतात. वाटसरू चढून दमतो तिथेच पाणी आणि बसायला ओटा. ज्यांनी हे खोदले त्यांना चढणाऱ्याचा दम ठाऊक होता.

तांब्या मागे गेला

घाटघर हे जुन्नर तालुक्याच्या अगदी पश्चिम टोकाचे आदिवासी गाव. घाटमाथ्यापासून तासाभराची चाल. पावसाळ्यात मोटारींतून नाणेघाट पाहायला येणाऱ्यांची इथे झुंबड उडते, पण थंडीत कोकणातून पायी चढून येणारे थोडेच. वस्ती मुख्यतः महादेव कोळी समाजाची. पावसाच्या पाण्यावर भात, नाचणी, वरई. रानातला हिरडा गोळा करून विकायचा आणि भात झोडून झाले की पुष्कळांनी नारायणगावच्या बागायती पट्ट्यात मजुरीला जायचे. एका घरी आमची राहण्या-जेवण्याची सोय फोनवरून ठरली होती. कुडाच्या भिंती, शेणाने सारवलेले अंगण, पुढे पडवी.

आम्ही पोहोचलो तेव्हा ऊन उतरले होते. घरच्या आजी हंडा-तांब्या घेऊन अंगणात उभ्याच होत्या. आल्या पाहुण्याला आधी पाणी, ही गावची रीत. त्यांनी तांब्या पुढे केला. आमच्यातली एक बहीण पुढे होती, बरोबर तिचा आठ वर्षांचा मुलगा. तिने पिशवीतून बाटलीबंद पाणी काढले आणि सहज म्हणाली, "नको आजी, आमचं आहे पाणी."

तिच्या मनात काही नव्हते. मुलाचे पोट बिघडू नये एवढेच. पण आजींचा हात तिथेच थांबला. त्यांनी तांब्या मागे घेतला, पाणी झाडाच्या बुंध्याशी ओतले आणि काही न बोलता आत गेल्या.

आम्ही पाहतच राहिलो. आम्हाला हे दृश्य ओळखीचे होते. फक्त आम्ही या बाजूला कधी उभे नव्हतो. आम्ही विहारात तास-दोन तास चर्चा केली होती, की ते आम्हाला पाणी देतील का, आम्हाला घरात घेतील का. आपण त्यांचे पाणी घेऊ का, हा प्रश्न बाराजणांपैकी एकाच्याही मनात आला नव्हता. खरे सांगायचे तर आणखी दोघांच्या हातात तशाच बाटल्या होत्या. त्यातली एक आमची स्वतःची. वाटेत आमच्यातल्याच एकाच्या तोंडून "जंगली लोक" असा शब्दही निघून गेला होता आणि आम्ही तो ऐकून सोडून दिला होता.

बाबासाहेबांनी श्रेणीबद्ध विषमता म्हटले ती हीच. प्रत्येकाला आपल्या वरची पायरी तेवढी दिसते.

पाच-दहा मिनिटे अशीच गेली. मग ती बहीण उठली, चप्पल काढून आत गेली आणि चुलीपाशी बसून म्हणाली, "आजी, पाणी द्या. तहान लागलीय." आजींनी तिच्याकडे पाहिले आणि विचारले,

"आमचं पाणी चालंल का?"

हा प्रश्न आमच्या आजीने, पणजीने किती दारांशी ऐकला असेल! दुसऱ्याच्या अंगणात उभे राहून 'तुमचं पाणी मिळंल का' असे विचारण्यात आमच्या पिढ्या गेल्या. १९२७ च्या मार्चमध्ये महाडच्या चवदार तळ्यावर बाबासाहेबांनी ओंजळ भरली ती या प्रश्नाचा शेवट व्हावा म्हणून. आणि त्याच प्रश्नाचे दुसरे टोक आता आमच्यासमोर होते. त्या बहिणीने तांब्या घेतला, स्वतः प्यायली आणि मुलालाही पाजला. मग आम्ही सगळ्यांनी घेतला. मुलाच्या पोटाला काहीही झाले नाही. आजी रोजच विहिरीचे पाणी उकळून, गाळून ठेवत होत्या. आम्ही विचारले असते तर त्यांनी सांगितलेही असते.

चुलीपुढची पंगत

रात्री चुलीपुढे जेवायला बसलो. तांदळाच्या भाकरी, पिठले, मिरचीचा खर्डा, आमटी-भात. बायका आत चुलीशी गेल्या आणि भाकरी थापू लागल्या. एकीची भाकर फाटली, तेव्हा घरातल्या सुना खळखळून हसल्या आणि मघाचा तांब्या मागे पडला.

जेवता जेवता घरच्या आजोबांनी विचारलेच. "पाव्हणं, मूळ गाव कंचं? आडनाव काय म्हनायचं?"

आमच्या पोटात नेहमीप्रमाणे गोळा आला. उत्तराची जुळवाजुळव करेपर्यंत आमची बारा वर्षांची मुलगी म्हणाली, "आम्ही बौद्ध आहोत, आजोबा. जयभीमवाले."

आजोबांनी भाकरीचा तुकडा मोडला. "म्हंजी बाबासायबांची मान्सं. आमच्या नातवाला सवलत मिळती ती त्येंच्यामुळंच, त्यो सांगतो. जेवा, भाकर गार व्हईल."

एवढेच. ताट बदलले नाही, आवाज बदलला नाही. सगळ्या गावांत असेच होईल, असे आम्ही म्हणणार नाही. आमचा वीस वर्षांपूर्वीचा अनुभव खोटा ठरत नाही. पण ज्या वाक्याला आम्ही चाळीस वर्षे घाबरत आलो ते आमच्या मुलीने घास चावता चावता सांगून टाकले.

बाहेर चांदणे लख्ख होते. पौष पौर्णिमा आदल्या रात्रीच झाली होती. समोर जीवधन किल्ल्याचा कातळ आणि त्याच्या शेजारचा वानरलिंगी सुळका दिसत होता. घोंगड्या पांघरून पडवीत बसलो असता एक मुलगा म्हणाला, "लडाखला गेलो असतो तर हा प्रश्नच आला नसता. तिकडे बौद्ध गावे आहेत." आम्ही त्याला सांगितले, की तिकडेही मोन, बेदा आणि गारा म्हणून लोक आहेत. वाजंत्री वाजवणारे, लोहारकाम करणारे. तेही बहुतेक बौद्धच, तरी पंगतीत त्यांना खालच्या टोकाला बसवण्याची रीत चालत आली आहे. त्या रीतीविरुद्ध तिथेही बोलणारे आहेत. हिमालयात जरूर जा, पण चुलीपाशी बसताना कोण कुठे बसले आहे एवढे पाहा. धम्म भिंतीवरच्या चित्रात असतो तसा पंगतीतही असावा लागतो.

दोन पोढ्या आणि एक भोजनमंडप

दुसऱ्या दिवशी कुकडीच्या खोऱ्याने निघालो. काही चाल पायी, काही जीपने. ही नदी याच डोंगरांत उगम पावते आणि पुढे माणिकडोहच्या धरणात तिचे पाणी अडवलेले आहे. संध्याकाळी चावंड किल्ल्याच्या पायथ्याच्या वाडीत मुक्काम. गडावर सात टाक्यांचा समूह आहे; सप्तमातृकांची टाकी म्हणून लोक ओळखतात. पाणी पाहिले की आता मुले टाके मोजू लागत.

तिसऱ्या दिवशी सकाळी जुन्नरजवळच्या पाडळीची तुळजा लेणी पाहिली. तिथले एक चैत्यगृह गोल आहे. मध्ये स्तूप, भोवती वर्तुळात बारा अष्टकोनी खांब, वर घुमटासारखे छत. आमच्या महाकाली लेण्यातल्या गोल झोपडीची आठवण झाली. वाटेच्या त्या तोंडाला एक आणि या तोंडाला एक! मग लेण्याद्री. तीनशेच्या आसपास पायऱ्या चढून वर गेले की तीसेक लेण्यांची ओळ आहे. सहावे लेणे म्हणजे सुंदर चैत्यगृह. सातवे म्हणजे मोठा विहार; भोवती भिक्खूंच्या खोल्या आणि आज त्यात अष्टविनायकांपैकी एक गणपती आहे.

जुन्नरभोवती लेण्याद्री, तुळजा, मानमोडी आणि शिवनेरी असे लेण्यांचे समूह आहेत. १६३० साली छत्रपती शिवरायांचा जन्म झाला तो शिवनेरी, त्याच्याच कातळात भिक्खूंची लेणी आहेत. इथल्या शिलालेखांत दात्यांची नावे आहेत. त्यांत तीन यवन, म्हणजे ग्रीक वंशाचे परदेशी. इरिल नावाच्या यवनाने दोन पोढ्या दिल्या. पोढी म्हणजे पाण्याचे टाके. चिट नावाच्या यवनाने संघाला भोजनमंडप दिला. चंद नावाच्या यवनाने मानमोडीला लेण्याचे दर्शनी काम करून दिले. नहपान राजाच्या अयम नावाच्या अमात्याने एक पोढी आणि एक मंडप दिला. धान्य विकणाऱ्यांच्या श्रेणीने सात खोल्यांचे लेणे आणि एक पोढी दिली. बांबूकाम करणारे आणि कासारकाम करणारे यांच्या श्रेणींकडे ठेवी ठेवल्याचेही उल्लेख आहेत. ठेवीच्या व्याजातून धर्मकार्य चालावे हा उद्देश. बँकेत काम करणाऱ्या वाचकांनी हे अवश्य ध्यानात घ्यावे. बुरुडाच्या श्रेणीवर ठेव सोपवण्याइतका विश्वास त्या काळी होता.

मुलांना आम्ही विचारले, "परमुलखातून आलेल्या माणसाने इथे काय दान दिले?" एका मुलाने पटकन उत्तर दिले, "पाणी आणि जेवायला बसायची जागा." बरोबर. आम्ही घाटघरला तेच मागायला गेलो होतो. भगवान बुद्धांनी सांगितले होते, की नद्या समुद्राला मिळाल्या की त्यांची जुनी नावे उरत नाहीत, तसेच संघात आलेल्याचे कूळ उरत नाही. त्या संघाच्या वाटेवर दोन हजार वर्षांपूर्वी पाणी होते आणि पंगत होती. मधल्या काळात पाण्याला जात चिकटली. ती खरवडून काढायचे काम अजून संपलेले नाही आणि ते फक्त दुसऱ्याच्या तांब्याचे नाही, आपल्या बाटलीचेही आहे.

जाणाऱ्या कुटुंबांसाठी

ज्यांना सहकुटुंब जायचे असेल त्यांनी नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ निवडावा. पावसाळ्यात घाटाची वाट निसरडी असते आणि माथ्यावर गर्दी असते. उन्हाळ्यात चढावर फार तहान लागते. घाट चढायला सकाळी लवकर सुरुवात करावी. चढावर पाणी मिळत नाही, म्हणून माणशी दोन लिटर बरोबर असावे. मात्र घराच्या अंगणात शिरण्यापूर्वी बाटली पिशवीत ठेवावी. पाणी उकळलेले आहे का, हे प्रेमाने विचारता येते. चांगली पकड असलेले बूट, विजेरी, स्वेटर, मलमपट्टीचे साहित्य न्यावे. शौचालयाची सोय फोनवर आधीच विचारून घ्यावी, विशेषतः बायकांसाठी. जेवणा-राहण्याचे पैसे आधी ठरवावेत आणि ठरलेल्यात घासाघीस करू नये. शक्यतो पैसे भाकरी थापणाऱ्या बाईच्या हातात द्यावेत. लेण्यांत नावे कोरू नयेत, टाक्यांत हातपाय धुऊ नयेत. ते पाणी पुढच्या वाटसरूचे आहे.

रविवारी रात्री जुन्नरहून एसटीने कल्याण आणि तेथून साकीनाका. घरी पाय धुताना सौ. म्हणाली, "आजींना आपल्याकडे बोलवायला हवं होतं." राहून गेले होते.

पण जूनमध्ये घाटघरहून फोन आला. नातू पोलीस भरतीसाठी मुंबईला येत होता. आजोबांनी अडखळत विचारले, "कुठं उतरावं त्येनं?" आम्ही म्हटले, "हे काय विचारणं झालं, बाबा?" पोरगा तीन दिवस आमच्या दहा बाय बाराच्या खोलीत राहिला. पहाटे मैदानावर जाई, दुपारी येऊन झोपे. पहिल्या दिवशी तो चढ चढून घामाघूम होऊन दारात उभा राहिला, तेव्हा सौ.ने आधी त्याच्या हातात तांब्या दिला. त्याने एका दमात रिकामा केला आणि मग चपला काढल्या.

हिमालयाचा बेत आम्ही सोडलेला नाही. आता एवढे ठरले आहे, की जाऊ तेव्हा गावातल्या घरीच उतरू आणि दिले ते पाणी पिऊ. ज्या विहारांनी, महिला मंडळांनी दरवर्षी सहल काढायची प्रथा ठेवली आहे, त्यांनी एक वर्ष ही जुनी वाट धरावी, मुलांना पोढ्या दाखवाव्यात आणि एक रात्र घाटमाथ्यावरच्या एखाद्या घरी चुलीपुढे बसावे. आणि त्या घरचे कोणी मुंबईला आले तर त्याला आपल्या घरी उतरवून घ्यावे.